शाळेतील करवत : वापर, निगा आणि दोषपरीक्षा

हस्तव्यवसायाच्या पेटीतील हातोडी वीस वर्षे टिकते, पकड टिकते, गुण्याही टिकतो. करवत मात्र दोन-तीन वर्षांतच ‘चालत नाही’ असा शेरा मिळवून कोपऱ्यात जाते आणि यथावकाश जडसंग्रह नोंदवहीतून तिच्या निर्लेखनाचा प्रस्ताव येतो. अशा प्रस्तावांतील करवती हातात घेऊन पाहिल्या, तर त्यांपैकी पुष्कळशा तासाभराच्या कामाने पुन्हा चालू होण्याजोग्या असतात, असा प्रस्तुत लेखकाचा अनुभव आहे.

नुकसान केवळ पैशाचे असते, तर त्यासाठी या पुस्तिकेची पाने खर्ची घालण्याचे कारण नव्हते. करवत बिघडते तो दिवस आणि तिचे निर्लेखन होते तो दिवस, यांच्यामध्ये बराच काळ जातो व त्या काळात ती मुलांच्या हातात असते. मूल आखलेल्या रेषेवर करवत धरते, काप रेषा सोडून बाजूला जातो, फळी वाया जाते आणि शिक्षक म्हणतात, ‘‘याच्या हाताला वळण नाही.’’ मूल ते खरे मानते. पुढे त्याच्या हातात हत्यार दिले तरी ते मागे सरते. दोष करवतीच्या एका बाजूच्या दातांचा असतो. तो मुलाच्या नावावर जमा होतो. म्हणून करवत कशी कापते व कशाने बिघडते, एवढे ज्ञान तरी हा तास घेणाऱ्या प्रत्येक शिक्षकास असले पाहिजे.

१९३७ साली वर्धा येथील परिषदेनंतर डॉ. झाकीर हुसेन यांच्या समितीने मूलोद्योगांत सुतारकामाचा समावेश केला होता. २०२० च्या राष्ट्रीय शिक्षण धोरणानेही सहावी ते आठवीच्या मुलांना ज्या कामांची ओळख करून द्यावी म्हणून सांगितले आहे, त्यांत सुतारकाम नावानिशी आहे. तासाला कार्यानुभव म्हणा, कार्यशिक्षण म्हणा, की हस्तव्यवसाय म्हणा. लाकूड आले की करवत आलीच.

दातांची रचना

करवत हा शब्द संस्कृत ‘करपत्र’ या शब्दावरून आला. हाताने चालवावयाचे पान, असा त्याचा सरळ अर्थ. मुलांना दातांची कल्पना देताना विदर्भातील करवतकाठी लुगड्याची किनार दाखवावी. आजीच्या पेटीत ती कित्येक घरी सापडेल. मात्र तेथेच एक भेदही दाखवावा. किनारीवरील त्रिकोण दोन्ही बाजूंनी सारखे उतरते असतात. करवतीचा दात तसा नसतो. त्याची एक कड बरीचशी उभी व दुसरी तिरपी असते. ज्या दिशेला उभी कड, त्या दिशेने जाताना करवत कापते. उलट दिशेने ती नुसती सरकते.

लाकूड म्हणजे एकाला एक चिकटलेल्या लांब तंतूंचा जुडगा होय. तंतूंच्या दिशेने फळी उभी चिरणे आणि तंतू तोडून फळी आडवी कापणे ही दोन निराळी कामे आहेत. उभ्या चिरण्याच्या करवतीचे दात मोठे असतात, साधारणपणे इंचास चार ते सहा; त्यांची पुढील कड जवळजवळ सरळ उभी आणि धार पटाशीसारखी आडवी असते. प्रत्येक दात लहानशा पटाशीप्रमाणे लाकूड खरवडून काढतो. आडव्या कापाच्या करवतीचे दात बारीक, इंचास आठ ते दहा. त्यांची पुढील कड किंचित मागे झुकलेली आणि धार तिरकी, म्हणजे चाकूच्या टोकासारखी असते. असे दात काप्याच्या दोन्ही कडांना तंतू छेदत जातात आणि मधला भाग भुशाच्या रूपाने बाहेर पडतो. आडव्या कापाच्या करवतीने फळी उभी चिरता येते, पण फार वेळ लागतो. चिरण्याच्या करवतीने आडवा काप घेतला तर तंतू तुटण्याऐवजी उपटले जातात आणि कड ओबडधोबड होते. शाळेत एकच करवत घेणे शक्य असेल, तर आडव्या कापाची घ्यावी.

आता करवतीचे पाते डोळ्यासमोर धरून दातांच्या ओळीवरून टोकाकडे पाहावे. दात एका रेषेत दिसणार नाहीत. एक किंचित डावीकडे, पुढचा उजवीकडे, असे आळीपाळीने वाकवलेले दिसतील. कारागीर याला सेट म्हणतात. आपण येथे फाक म्हणू. फाकेमुळे काप पात्याच्या जाडीहून थोडा रुंद पडतो आणि पाते त्यात अडकत नाही. फाक फार कमी झाली तर करवत घट्ट बसते. फार जास्त झाली तर ती कापात डुलते, श्रम वाढतात, भुसा वाढतो. कोरड्या व कठीण लाकडाला थोडी फाक पुरते. ओल्या लाकडाचे तंतू फुगून पात्याला आवळतात, म्हणून त्याला अधिक लागते. करवतीच्या निम्म्या तक्रारी या फाकेपाशी येऊन थांबतात.

कापाच्या या रुंदीवर पाचवीच्या वर्गाला एक चांगले गणित घालता येईल. ६०० मिलिमीटर लांबीच्या पट्टीचे ६० मिलिमीटरचे दहा तुकडे हवेत. मुले म्हणतील, बरोबर दहा होतात. पण काप नऊ. प्रत्येक काप १.५ मिलिमीटरचा धरला तर १३.५ मिलिमीटर लाकडाचा भुसा होतो आणि दहावा तुकडा ४६.५ मिलिमीटरचाच उरतो. आधी कागदावर आणि मग प्रत्यक्ष पट्टीवर हे गणित केले, तर मुले ते विसरत नाहीत. करवत आणि गणित यांचे नाते नवे नाही. भास्कराचार्यांच्या लीलावतीत (इ. स. ११५०) ‘क्रकचव्यवहार’ म्हणून एक स्वतंत्र प्रकरणच आहे, क्रकच म्हणजे करवत. तेथील एका उदाहरणात बुंध्याशी २० अंगुळे व शेंड्याशी १६ अंगुळे जाडीचा, १०० अंगुळे लांबीचा ओंडका चार ठिकाणी उभा चिरावयाचा आहे. सरासरी जाडी १८. १८ गुणिले १०० गुणिले ४ म्हणजे ७,२०० चौरस अंगुळे. २४ अंगुळांचा एक हात, म्हणून ५७६ ने भागले की १२.५ चौरस हात चिरकाम आले. चिरकाम कापलेल्या पृष्ठाच्या क्षेत्रफळावर मोजावयाचे, ही व्यवहारी दृष्टी आठशे-नऊशे वर्षांपूर्वीची आहे.

ढकलण्याची आणि ओढण्याची

येथे एका गोष्टीकडे शिक्षकांचे विशेष लक्ष वेधावयाचे आहे, कारण तिच्यामुळे शाळांत बराच घोटाळा होतो. साहित्यपेटीतून येणारी हातकरवत बहुधा पाश्चात्य घडणीची असते. तिच्या दातांची उभी कड टोकाकडे असते. ती पुढे ढकलताना कापते. तिच्यासाठी लाकूड टेबलावर, कमरेच्या खालच्या उंचीवर असावे लागते आणि कापणारा उभा असावा लागतो. आपल्याकडील सुताराची परंपरागत करवत याच्या उलट. तिचे दात मुठीकडे वळलेले असतात व ती आपल्याकडे ओढताना कापते. सुतार जमिनीवर बसतो, लाकूड पायाने दाबून धरतो आणि ओढीत कापतो. त्या बैठकीला ओढण्याचीच करवत सोयीची. ओढताना पाते ताणले जाते, त्यामुळे ते वाकत नाही आणि पातळही ठेवता येते. जपानी करवतीही ओढण्याच्याच असतात व आजकाल त्या आपल्या बाजारातही मिळतात. यांत एक पद्धत पुढारलेली आणि दुसरी मागासलेली, असे मुळीच नाही.

घोटाळा होतो तो असा. सुतारकाम घरी पाहिलेले एखादे मूल शाळेची करवत हाती घेते व सवयीने ओढताना जोर देते. करवत कापत नाही. ते आणखी जोर देते, पाते वाकते. किंवा शाळेची करवत धार लावण्यासाठी गावातील सुताराकडे जाते आणि तो आपल्या रीतीप्रमाणे दात मुठीकडे वळवून देतो. त्याने काम चोखच केलेले असते. पण दुसऱ्या दिवशी वर्गात मुले ती ढकलतात आणि करवत बिघडवून ठेवल्याचा ठपका त्याच्यावर येतो. तेव्हा कोणतीही करवत मुलांना देण्यापूर्वी पाते आडवे धरून उभी कड कोणीकडे आहे ते पाहावे आणि मुठीवर रंगाने बाण काढून ठेवावा. हे काम दोन मिनिटांचे आहे.

इतर प्रकार

पाठीला लोखंडाची किंवा पितळेची जाड पट्टी बसवलेली लहान करवत सांध्यांच्या बारीक कामासाठी असते. कारागीर तिला टेनन सॉ म्हणतात. पट्टीमुळे पाते ताठ राहते व काप सरळ जातो. इंचास बारा ते चौदा दात असतात. पाठीच्या पट्टीमुळे ती लाकडात फार खोल जात नाही, त्यामुळे जाड ओंडक्यासाठी ती निरुपयोगी. मुलांना पहिली करवत म्हणून मात्र हीच उत्तम.

प्लायवुडमधून आकार कापण्याच्या कमानीच्या करवतीला, म्हणजे फ्रेट सॉला, केसासारखे बारीक पाते असते. दात मुठीकडे, म्हणजे खालच्या दिशेने, ठेवून पाते बसवावे. इंग्रजी व्ही अक्षराच्या आकाराची खाच असलेली फळी टेबलाच्या कडेला आवळून तिच्यावर काम ठेवावे, कमान उभी धरून खालीवर चालवावी आणि वळणावर कमान न फिरवता लाकूड फिरवावे. पाती भराभर तुटतात अशी तक्रार येते. कारणे बहुधा दोनच : पाते सैल बसवणे आणि वळणावर घाई करणे. बोटाने छेडल्यावर तारेसारखा आवाज येईल इतके पाते ताणलेले असावे.

लोखंड कापण्याची करवत, म्हणजे हॅकसॉ, आज खेड्यापाड्यांत हातकरवतीपेक्षा अधिक दिसते. ठिबक सिंचनाच्या नळ्या आल्यापासून शेतकऱ्याच्या घरीही ती असते. तिचे पाते ३०० मिलिमीटरचे व बदलावयाचे असते. पात्यावर बाण असतो. तो मुठीपासून दूर, पुढच्या दिशेला यावा. जाड लोखंडाला इंचास १८ दातांचे, सामान्य कामास २४ दातांचे आणि पातळ पत्रा व नळी यांना ३२ दातांचे पाते घ्यावे. नियम असा की, कापावयाच्या वस्तूच्या जाडीत एका वेळी निदान तीन दात आले पाहिजेत. नाहीतर पातळ कड दोन दातांच्या मध्ये शिरते आणि दात मोडतो. मिनिटास चाळीस-पन्नासांहून अधिक फेरे मारू नयेत. काम अर्धे झाले असता पाते तुटले, तर नवे पाते त्याच कापात घालू नये. जुन्या पात्याची फाक झिजून काप अरुंद झालेला असतो. नवे त्यात आवळले जाऊन तुटते. काम उलटे करून दुसऱ्या बाजूने नवा काप सुरू करावा. बांबूलाही २४ किंवा ३२ दातांचेच पाते चांगले. कापताना बांबू थोडाथोडा फिरवीत गेले म्हणजे सालीच्या चिंध्या निघत नाहीत.

शाळेच्या बागेत फांद्या छाटण्यासाठी वाकड्या पात्याची, ओढून कापण्याची करवत वापरतात. जाड फांदी वरून कापीत गेले तर ती अर्ध्यात मोडते आणि खोडाची साल सोलून नेते. आधी खालून सुमारे एकतृतीयांश काप घ्यावा, मग त्याच्या थोडे पुढे वरून कापावे; भार गेल्यावर उरलेला खुंट फांदीच्या बुडाशी असलेल्या सालीच्या उंचवट्याला न दुखावता, त्याच्या लगत बाहेरून काढावा. विजेवर चालणाऱ्या गोल करवतीविषयी आणि झाडे कापण्याच्या साखळी करवतीविषयी एवढेच की, त्या मुलांच्या हाती देण्याच्या वस्तू नव्हेत.

चालवण्याची रीत

करवत ढकलण्याची धरून येथे लिहिले आहे. मूठ तीन बोटांनी धरावी. तर्जनी पात्याच्या दिशेने सरळ ठेवावी. त्या एका बोटाने पाते डुलण्याचे बरेच थांबते. खांदा, कोपर व करवत एका रेषेत असावी. काप रेषेवर न घेता रेषेच्या टाकाऊ बाजूस, रेषेला लागून घ्यावा. सुरुवात करताना दुसऱ्या हाताच्या अंगठ्याचे पेर पात्याला टेकवून आधार द्यावा आणि पहिले दोन-तीन फेरे मागे ओढून हलकी खाच पाडावी. खाच पडल्यावर मगच पुढे ढकलावे. आडव्या कापात करवत फळीशी सुमारे ४५ अंशांचा, उभ्या चिरण्यात ६० अंशांचा कोन करील अशी धरावी. पात्याची सगळी लांबी वापरावी. मुले मधल्या चार इंचांवरच घाईने घासत राहतात, त्यामुळे तेवढेच दात झिजतात आणि करवत मध्ये खोलगट होते. जोर देऊन खाली दाबणे ही दुसरी सवय. करवतीच्या स्वतःच्या वजनापेक्षा फारसा अधिक भार लागू नये. लागत असेल तर धार गेली आहे असे समजावे. बोथट करवतच अधिक घातक असते, कारण तिला दाबावे लागते आणि दाबलेली करवत कापातून उसळून हातावर येते.

शाळेत शेगडा नसला तरी अडत नाही. एक हात लांबीची फळी घ्यावी, तिच्या वरच्या अंगास एका टोकाला आणि खालच्या अंगास दुसऱ्या टोकाला एकेक पट्टी ठोकावी. खालची पट्टी टेबलाच्या कडेला अडते, वरच्या पट्टीला टेकवून मूल लाकूड धरते. हे साधन मुलांनीच बनवावे.

काप पाहून दोष ओळखणे

करवत एका बाजूला ओढते, ही मुख्य तक्रार. दोष करवतीचा की हाताचा, हे ठरवण्यास सोपी परीक्षा आहे. हातभर लांबीच्या फळीवर गुण्याने तीन-चार रेषा आखाव्यात आणि एकाच करवतीने तीन निरनिराळ्या मुलांकडून काप घ्यावेत. त्यांत एक डावखुरे मूल असले तर फारच उत्तम. मुठीकडून पाहता तिघांचेही काप एकाच बाजूला गेले, तर मुले निर्दोष आहेत. दोष करवतीचा आहे. एकाचा डावीकडे, दुसऱ्याचा उजवीकडे गेला, तर उभे राहण्याची व धरण्याची रीत तपासावी. मुलाविषयी शेरा मारण्यापूर्वी ही परीक्षा झालीच पाहिजे, असा प्रस्तुत लेखकाचा आग्रह आहे. एका शाळेत सातवीतील एका मुलीला हातकामात सर्वांत कमी गुण होते. वरील परीक्षा घेतली तेव्हा वर्गातील चांगले समजले जाणारे दोन मुलगेही तिच्याच बाजूला वाहवले. मग मुलीने आपण होऊन सांगितले की, करवत उजवीकडे जाते हे तिला ठाऊक होते, म्हणून ती रेषेच्या डावीकडून सुरुवात करीत असे. जिने हत्यार सर्वांत बारकाईने पाहिले होते, तिलाच सर्वांत कमी गुण होते.

करवत त्या बाजूला जाते जिकडील दातांची फाक जास्त किंवा धार अधिक तीव्र असते. उपाय असा : करवत टेबलावर आडवी ठेवावी, ओढणारी बाजू वर करावी आणि धार लावण्याचा बारीक दगड पात्यावर सपाट टेकवून दातांच्या ओळीवरून एकदाच हलका फिरवावा. पुन्हा काप घेऊन पाहावा. गरज पडल्यास आणखी एकदा. दगड तिरपा धरू नये आणि एका वेळी एकाहून अधिक फेरे मारू नयेत. घासलेले परत आणता येत नाही.

करवत कापात आवळते, ही दुसरी तक्रार. प्रथम लाकूड कसे ठेवले आहे ते पाहावे. दोन टोकांना आधार देऊन मध्ये कापले, तर फळी मधोमध वाकते आणि काप वरून मिटतो. कापून पडणारा भाग मोकळा असावा व शेवटी दुसऱ्याने तो हाताने तोलून धरावा. चिरताना काप मिटू लागला, तर त्यात बारीक पाचर घालावी. लाकूड ओले आहे का, हेही पाहावे. खोक्यांच्या देवदार-चीड लाकडाची राळ पात्यावर बसली असेल, तर टर्पेन्टाइनच्या चिंधीने पुसून काढावी आणि पात्याच्या दोन्ही अंगांना मेणबत्ती घासावी. एवढे करूनही आवळत असेल, तर फाक कमी झाली आहे.

करवत उड्या मारते व पातळ लाकूड फाडते, तेव्हा दात त्या कामाच्या मानाने मोठे असतात. बारीक दातांची करवत नसेल तर हातातली करवत अधिक आडवी धरावी. त्यामुळे एका वेळी अधिक दात लाकडात येतात. खालच्या अंगाने छिलके निघत असतील, तर रेषा पेन्सिलीऐवजी चाकूने, चारही अंगांवर आखावी आणि शेवटचे फेरे अगदी हलके घ्यावेत.

पाते वाकले आहे का, हे पाहण्यासाठी दातांवरून एक डोळा मिटून टोकाकडे नजर टाकावी. चांगल्या पोलादाचे पाते हलकेच कमानीसारखे वाकवून सोडले की सरळ होते. एके ठिकाणी मुडप पडली असेल, तर ती ठोकून काढण्याचा प्रयत्न शाळेत करू नये. ते सराईत हाताचे काम आहे.

धार लवकर जाण्याची कारणे लाकडातच शोधावीत. सागवानात वाळूच्या जातीचा अंश असतो, त्यामुळे सागावर धार लवकर मरते. परंतु शाळेत खरा वैरी म्हणजे खिळा. मुले जुन्या खोक्यांच्या फळ्या आणतात. त्यांतील एक मोडका खिळा वीस दातांची टोके घालवतो. प्रत्येक जुन्या फळीवरून कापण्यापूर्वी लोहचुंबक फिरवण्याचे काम एका मुलाकडे नेमून द्यावे. लहान मुले हे काम आवडीने करतात.

धार लावणे

आधी करवत धार घेण्याजोगी आहे का, ते पाहावे. हल्ली बाजारात मिळणाऱ्या पुष्कळ करवतींची दातांची टोके कारखान्यातच अतिकठीण केलेली असतात. ती निळसर काळी दिसतात. कानस त्यांवरून नुसती घसरते. अशी करवत बरीच टिकते, पण बोथट झाल्यावर तिला धार लावता येत नाही. खरेदीच्या वेळी हे विचारून घ्यावे. दीर्घकाळ वापरावयाची तर कानशीने धार घेणारी करवतच शाळेस परवडते.

धारेचे काम ठरावीक क्रमाने होते. पाते दोन पट्ट्यांमध्ये दात थोडेसे वर ठेवून आवळतात. सपाट कानस दातांच्या माथ्यांवरून लांबीने हलकी फिरवतात, म्हणजे उंच दात खाली येऊन सर्व एका पातळीत येतात. प्रत्येक माथ्यावर चमकता ठिपका दिसू लागतो. फाक द्यावयाची असल्यास ती यानंतर, दात वाकवण्याच्या पकडीने देतात. दाताचा वरचा अर्धा भागच वाकवावयाचा, मुळापासून वाकवला तर तो मोडतो. मग तिकोनी कानस. तिचा कोन ६० अंशांचा असतो आणि दोन दातांमधील खाचही तेवढीच, म्हणून ती तेथे नेमकी बसते. एका बाजूने एक सोडून एक खाच घासीत जावयाचे, मग करवत फिरवून उरलेल्या. कानस पुढे जातानाच दाबावी, परत आणताना उचलावी. प्रत्येक खाचेला सारखेच फेरे द्यावेत आणि माथ्यावरचा चमकता ठिपका नाहीसा होताच थांबावे. चिरण्याच्या करवतीत कानस पात्याशी काटकोनात धरतात, आडव्या कापाच्या करवतीत तिरकी. फाक दर वेळी द्यावी लागत नाही. तीन-चार वेळा नुसत्या कानशीने भागते.

हे वाचून लगेच शाळेच्या चांगल्या करवतीवर हात चालवू नये. जुन्या, टाकाऊ करवतीवर सराव करावा. त्याहून बरे म्हणजे गावातील सुतारास सन्मानाने शाळेत बोलवावे आणि मुलांसमोर धार लावावयास विनंती करावी. त्याला दातांची दिशा आधी सांगावी. कामाची मजुरी ठरवून, त्याच दिवशी द्यावी; शाळेचे काम म्हणून फुकट करून घेण्याची रीत चांगली नाही. वर्गात त्याचे मूल असेल, तर त्या दिवशी ते मूल कसे बसते ते पाहण्यासारखे असते.

निगा व साठवण

करवत टेबलावर दात वर करून ठेवू नये, भिंतीला टेकवू नये. मुठीच्या भोकातून खिळ्याला टांगावी. दातांवर सायकलच्या जुन्या टायरच्या आतील नळीची किंवा उभ्या चिरलेल्या पाण्याच्या नळीची पट्टी चढवावी. वर्गात नेताना ती दातांवर असलीच पाहिजे. काम संपल्यावर भुसा फुंकून न उडवता ब्रशाने झाडावा. फुंकल्याने तो शेजाऱ्याच्या डोळ्यात जातो. ओला भुसा पात्याला राहिला की रात्रीतून तांबेरा धरतो. बोटाला दात लागले तर जखम साबणपाण्याने धुवून बांधावी आणि धनुर्वाताच्या लसीसंबंधी प्राथमिक आरोग्य केंद्रात विचारावे. लहान ओरखडा म्हणून दुर्लक्ष करू नये.

कोकणात व घाटमाथ्यावर पावसाळा हाच करवतीचा काळ. मे महिन्याच्या सुटीपूर्वी पात्याला शिवणयंत्राचे तेल चोळावे आणि करवत कोरड्या कपड्यात गुंडाळावी. गोणपाट वापरू नये. ते ओल शोषून धरते. तांबेरा आलाच तर तेल टाकून बारीक काचकागदाने, पात्याच्या लांबीच्या दिशेने घासून काढावा. दातांची टोके घासली जाणार नाहीत याची काळजी घ्यावी. जडसंग्रह नोंदवहीत करवतीच्या नोंदीपुढे ढकलण्याची की ओढण्याची, इंचास दात किती, धार कोणत्या दिवशी लावली आणि वर सांगितलेली तिघा मुलांची परीक्षा केव्हा घेतली, हे लिहून ठेवावे. यापुढे निर्लेखनाचा प्रस्ताव पाठवताना त्या नोंदीची प्रत सोबत जोडावी.